कोल्हापुरात काळाची वेधशाळा: कथेसाठी ती पायरीपायरीने कशी उभारावी

दुसरी वास्तवं आणि मागचा-पुढचा काळ पाहणारी वेधशाळा आपल्या कथेत, कादंबरीत किंवा श्राव्यनाटकात उभी करायची ज्यांची इच्छा आहे, त्यांच्यासाठी हा लेख आहे. वेधशाळा काल्पनिक असेल, पण ती कोल्हापूरची असेल. म्हणजे नुसता पन्हाळ्याचा उल्लेख आणि दोन पात्रांच्या तोंडी तांबडा-पांढरा रस्सा एवढ्यावर भागणार नाही. ही वेधशाळा उचलून नाशिकला किंवा नागपूरला नेली, तर ती बंद पडली पाहिजे. असं झालं तरच ती इथली.

माझं म्हणणं एवढंच आहे की अद्भुतरम्य कथेला लागणारी जवळजवळ सगळी सामग्री या जिल्ह्याच्या आकाशात आणि कारखान्यांत आधीपासून पडून आहे. ती शोधायची, मोजायची आणि तिच्यात फक्त एक गोष्ट आपल्या पदरची घालायची.

पहिली पायरी: गावाचा कोन काढा

कोणतीही वेधशाळा अक्षांशापासून सुरू होते. कोल्हापूरचा अक्षांश साधारण १६.७ अंश उत्तर आहे आणि पन्हाळा किंचित वर, १६.८ वर. हा आकडा वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा, कारण पुढचं सगळं त्याच्यातूनच निघतं.

ध्रुवतारा इथल्या उत्तर क्षितिजापासून तेवढ्याच, म्हणजे जेमतेम सतरा अंशांवर दिसतो. सवाई जयसिंगाने अठराव्या शतकात बांधलेल्या जंतरमंतर वेधशाळांमध्ये सम्राट यंत्राची, म्हणजे मोठ्या सूर्यघड्याळाची, तिरकी भिंत त्या-त्या गावाच्या अक्षांशाइतकी कललेली असते. जयपूरला हा कल २७ अंशांचा आहे, म्हणून दहा फूट पायामागे भिंत पाच फुटांवर चढते. तेच यंत्र कोल्हापुरात बांधलं तर दहा फुटांमागे चढ फक्त तीन फुटांचा येईल. उभी भिंत नव्हे, लहान मूल धावत चढेल असा उतार. तुमच्या वर्णनात हा उतार आला की वाचकाला न सांगता कळतं की लेखकाने जागा मोजली आहे.

आता सूर्याकडे या. सूर्य खगोलीय विषुववृत्तापासून, म्हणजे पृथ्वीच्या विषुववृत्ताच्या बरोबर वरच्या आकाशातल्या रेषेपासून, जितके अंश उत्तरेला किंवा दक्षिणेला असतो, त्या कोनाला क्रांती म्हणतात. ती उत्तरेला १६.७ अंश झाली की कोल्हापुरात सूर्य थेट डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली नाहीशी होते. हे वर्षातून दोनदा घडतं, ६ मे आणि ६ ऑगस्टच्या आसपास. ऑगस्टमध्ये बहुतेक वेळा ढगच असतात, म्हणून काम मेमध्येच उरकायचं.

आणि आता अंबाबाईचा किरणोत्सव. ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारी या दिवशी मावळतीचे किरण महाद्वारातून आत येऊन देवीच्या मूर्तीपर्यंत पोहोचतात. या सहाही दिवशी सूर्याची क्रांती पाहिली तर ती दक्षिणेला सतरा अंशांच्या आसपास असते. तिकडे शिरोळ तालुक्यात खिद्रापूरच्या कोपेश्वर मंदिरात स्वर्गमंडपाच्या छताला मोठा वर्तुळाकार झरोका आहे, सुमारे तेरा फूट व्यासाचा. त्रिपुरी पौर्णिमेला मध्यरात्रीच्या सुमारास चंद्र त्याच्या माथ्यावर येतो. का येतो? त्या सुमारास सूर्य दक्षिणेला साधारण सोळा ते एकवीस अंशांवर असतो, पौर्णिमेचा चंद्र त्याच्या बरोबर समोर म्हणजे उत्तरेला तितक्याच अंशांवर, आणि खिद्रापूरचा अक्षांशही त्याच पट्ट्यात पडतो. चंद्राची कक्षा पाच अंशांनी कललेली असल्यामुळे तो दरवर्षी थोडा इकडे-तिकडे सरकतो, आणि हा हेलकावा सुमारे १८.६ वर्षांत पूर्ण होतो.

डोक्यावरचा सूर्य, मावळतीचा किरण, मध्यरात्रीचा चंद्र. तिन्हींचा आकडा सतराच्या घरात. खगोलशास्त्राच्या दृष्टीने हे तीन वेगळे योग आहेत, कथाकारासाठी मात्र हे वेधशाळेचं कुलूप आहे. आपली वेधशाळा सतरा अंशांच्या आसपासच्या गोष्टींनाच उघडते, हा नियम इथेच ठरवून टाका.

दुसरी पायरी: घड्याळं वेगळी करा

काळावर लिहायचं तर एकाच जागी किती वेगवेगळ्या वेळा चालू असतात ते आधी समजून घ्यावं लागतं. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची आहे आणि कोल्हापूर ७४.२ अंशांवर. फरक सव्वाआठ अंशांचा, दर अंशाला चार मिनिटं, म्हणजे आपली खरी स्थानिक वेळ प्रमाणवेळेच्या सुमारे ३३ मिनिटं मागे आहे. प्रमाणवेळ १९०६ साली लागू झाली. मुंबईची स्वतःची वेळ त्यानंतरही बराच काळ वापरात होती, आणि कोल्हापूरची सूर्यवेळ त्या मुंबई वेळेच्याही सहाएक मिनिटं पुढे पडते. एका अंगणात तीन वेगवेगळ्या वेळा, आणि तिन्ही खऱ्या.

यापुढची गोष्ट मला सर्वांत मोलाची वाटते. किरणोत्सवात नोव्हेंबरला आणि फेब्रुवारीला सूर्य आकाशात जवळजवळ एकाच जागी असतो, पण घड्याळ वेगळं दाखवतं. नोव्हेंबरमध्ये सूर्यास्त सहाच्या सुमारास होतो, फेब्रुवारीच्या सुरुवातीला साडेसहाच्या सुमारास. पृथ्वी सूर्याभोवती कधी वेगाने, कधी सावकाश फिरते आणि तिचा अक्ष कललेला आहे, म्हणून खरा मध्यान्ह वर्षभर घड्याळाच्या पुढे-मागे होत राहतो. त्यातून ही अर्ध्या तासाची तफावत येते. तोच सूर्य, तोच कोन आणि मध्ये अर्धा तास गायब. तुमच्या वेधशाळेतल्या माणसांना हा अर्धा तास कुठे जातो हा प्रश्न पडू द्या. शिवाय नोव्हेंबरमध्ये सूर्य दक्षिणेकडे निघालेला असतो आणि फेब्रुवारीत परतीच्या वाटेवर असतो. जाताना उघडणाऱ्या खिडकीतून एक बाजू दिसावी, परतताना दुसरी, अशी योजना इथे आपोआप बसते.

मोजमापासाठी घटिका वापरा. दिवसाच्या साठ घटिका, घटिकेची २४ मिनिटं, घटिकेत साठ पळं, पळाचे २४ सेकंद. घटिकापात्र घरी करून पाहाच. तांब्याची पातळ वाटी घ्या, तळाला बारीक भोक पाडा, घंगाळात पाणी भरून ती वर सोडा आणि मोबाईलवर वेळ लावा. लवकर बुडाली तर भोक मोठं झालंय, दुसरी वाटी घ्यावी लागेल. उशिरा बुडाली तर भोक किंचित वाढवा. हाच प्रयोग एकदा कोमट आणि एकदा गार पाण्याने करा. गार पाणी जास्त चिकट असतं, बारीक भोकातून सावकाश शिरतं, त्यामुळे पात्र उशिरा बुडतं. थंडीतली घटिका लांबते ती अशी. आपल्या वेधशाळेत एक दर्शन एका पात्राइतकंच टिकतं असं ठरवलं, तर डिसेंबर-जानेवारीतल्या पन्हाळ्यावरच्या कडाक्याच्या रात्री सगळ्यांना का हव्या असतात, हे वेगळं सांगावं लागणार नाही.

तिसरी पायरी: जागा

अंबाबाईच्या मंदिरात किंवा कोपेश्वरात यंत्र बसवू नका. ती नांदती देवस्थानं आहेत. तिथला प्रकाश कथेत येऊ द्या, तुमचा खटाटोप नको. वेधशाळेला पन्हाळाच बरा. तिथे आधीच खरं आकाशनिरीक्षण झालेलं आहे. वातावरणाच्या वरच्या थरातला अतिशय मंद प्रकाश, म्हणजे रात्रदीप्ती, पन्हाळ्यावरून कॅमेऱ्यांनी टिपली गेली आहे. सुमारे २५० किलोमीटर उंचीवर ऑक्सिजनच्या अणूंमधून ६३० नॅनोमीटरचा तांबडा प्रकाश निघतो. डोळ्यांना तो दिसत नाही, पण संवेदनशील कॅमेऱ्यात दिसतो. काही रात्री त्या तांबड्या पडद्यावर उत्तर-दक्षिण पसरलेले काळे पट्टे उमटतात आणि सावकाश पूर्वेकडे सरकतात. विद्युतभारित वायू तिथे विरळ झालेला असतो, म्हणून ते काळे. दुसऱ्या वास्तवाकडे जाणारी फट दाखवायला याहून देखणी गोष्ट मला माहीत नाही. ती शोधायला लांब जावंही लागत नाही.

गडावर नेमकी जागा म्हणून मी अंधारबाव निवडेन. ती तीन मजली आहे, तळाला विहीर आणि मधल्या मजल्यावर चोरवाट. तुमच्या कथेतली विहीर अर्थात वेगळी, तिच्यासारखी बांधलेली, वर आकाशाला उघडी अशी कल्पावी लागेल. ऐतिहासिक वास्तूला भोकं पाडायची नाहीत, अगदी कागदावरसुद्धा. आणि एक गोष्ट टाळा. खोल विहिरीच्या तळातून भरदिवसा तारे दिसतात, हा जुना समज चुकीचा आहे. विहिरीचा उपयोग दिवसा नाही, रात्री आहे.

चौथी पायरी: मुख्य यंत्र, म्हणजे विहीर आणि ओळंबा

इथे जरा थांबायचं आहे, कारण वेधशाळेचा कणा हाच.

रोहिणी हा वृषभेतला तांबूस तारा. त्याची क्रांती उत्तरेला साडेसोळा अंशांच्या किंचित वर आहे. म्हणजे तो पन्हाळ्याच्या जवळजवळ माथ्यावरून जातो. फरक अवघा पाव अंशाचा, पूर्ण चंद्राच्या अर्ध्या रुंदीइतका. डिसेंबरच्या सुरुवातीला तो मध्यरात्रीच्या सुमारास माथ्यावर येतो आणि पुढे रोज चार मिनिटं आधी.

पण तो कायम तिथेच नव्हता. पृथ्वीचा अक्ष फार सावकाश गिरकी घेतो, सुमारे २६,००० वर्षांत एक. त्यामुळे ताऱ्यांची क्रांती बदलत राहते. रोहिणी सध्या दरवर्षी सुमारे सात विकला उत्तरेला सरकते आहे (विकला म्हणजे अंशाचा ३६००वा भाग), म्हणजे पाचशे वर्षांत साधारण एक अंश. शिवकाळात ती पन्हाळ्याच्या माथ्यापासून सुमारे एक अंश दक्षिणेला होती. अजून सव्वाशेएक वर्षांनी ती बरोबर माथ्यावर येईल.

आता तीस फूट खोल विहीर कल्पा. तोंडावर पितळी पट्टी आडवी बसवलेली, मधून गवंड्याचा ओळंबा, म्हणजे दोरीला टांगलेलं वजन, सोडलेला, तळाशी पाहणाऱ्याचा डोळा. तीस फुटांवर एक अंश म्हणजे सव्वासहा इंच. पाचशे वर्षांचे सव्वासहा इंच, म्हणजे एका इंचाला ८० वर्षं. आणि इंचाचे आठ सूत हे उद्यमनगरातल्या, म्हणजे कोल्हापूरच्या कारखान्यांच्या वस्तीतल्या, कोणत्याही लेथवाल्याला विचारा. एक सूत म्हणजे दहा वर्षं.

त्या पट्टीवर आजची रोहिणी ओळंब्याच्या दक्षिणेला साधारण १२ सुतांवर दिसेल. ती २१ सुतांवर दिसली, तर विहीर १९३०च्या दशकातलं आकाश दाखवते आहे. ४८ सुतांवर, म्हणजे सहा इंचांवर दिसली, तर ते सिद्दी जौहरच्या वेढ्याच्या काळाचं आकाश. शून्यावर आली तर पुढचं शतक. काळ दाखवणाऱ्या दिव्यांच्या पाट्या, फिरणारे काटे यांची गरजच उरत नाही. काळ कुठला हे तारा सांगतो, आणि गणित खरं आहे.

या यंत्राची मर्यादाही कथेच्या कामाची आहे. सुतापेक्षा बारीक वाचता येत नाही, म्हणून दहा वर्षांची चूक नेहमीच शक्य राहते. समोर दिसणारं शहर १९३० मधलं की १९३९ मधलं हे तारा सांगणार नाही, ते गल्लीतल्या पाटीवरून, माणसांच्या कपड्यांवरून ओळखावं लागेल. तिथे तुमची निरीक्षणशक्ती पणाला लागते.

रोहिणीचा प्रकाश आपल्यापर्यंत यायला सुमारे ६५ वर्षं लागतात, हेही हाताशी ठेवा. व्याधाचा ८.६, अभिजितचा २५, स्वातीचा ३७. कथेत पासष्टीची आजी असेल तर तिच्या जन्माच्या सुमारास निघालेला प्रकाश आज विहिरीच्या तळाला पोहोचतो आहे.

यंत्र कुणी बनवलं, याचंही उत्तर इथलंच द्या. लाकडी पॅटर्न, वाळूचा साचा, ओतकाम, मग लेथवर घासणी, हे सगळं शिवाजी उद्यमनगरात घडतं. बाबूराव पेंटरांनी याच गावात स्वतःचा चित्रपट कॅमेरा घडवला होता. दूरवरच्या पाहुण्यांनी यंत्र आणून दिलं असं दाखवण्यापेक्षा इथल्या फाउंड्रीत ते तीनदा ओतलं गेलं आणि दोनदा तडकलं असं लिहा. स्वयंचलित भाग हवा असेल तर राधानगरी धरणाचे सात दरवाजे जाऊन पाहा. पाणी ठरलेल्या पातळीला आलं की ते आपोआप उघडतात, माणसाचा हात लागत नाही. विहिरीचं झाकण तसंच चालवता येईल.

पाचवी पायरी: एकच नियम मोडा

भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलेल्या कल्पनेनुसार क्वांटम, म्हणजे अणूंच्या सूक्ष्म जगातल्या, घटनेच्या सगळ्या शक्यता प्रत्यक्षात येतात आणि विश्वाच्या फांद्या वेगळ्या होत जातात. पण फांद्या एकदा वेगळ्या झाल्या की व्यवहारात एकीतून दुसरीत डोकावता येत नाही. तुमची वेधशाळा नेमका एवढाच नियम मोडते. बाकी प्रकाशाचा वेग, ताऱ्यांच्या जागा, पाण्याचा गारवा, सगळं जसंच्या तसं ठेवा. दुसरा नियम मोडायचा मोह होईल तेव्हा थांबा आणि कथानकातली अडचण माणसांकडून सोडवून घ्या. जयंत नारळीकरांचा जन्म १९३८ साली कोल्हापूरचा. विज्ञान आणि मराठी कथा एकाच हाताने लिहिण्याची परंपरा या गावाशी अशी जोडलेली आहे. तिचा मान ठेवायचा तर विज्ञानाशी चोख राहावं लागतं.

फक्त पाहता येतं, बोलता येत नाही, काही आणता येत नाही, हे बंधनही घाला. माझ्या मते अशा कथांमधली सगळी वेदना तिथेच असते.

सहावी पायरी: कोणती फांदी पाहायची

मोठ्या लढाईचा निकाल उलटा करणं सोपं असतं आणि बहुतेक वेळा पोकळ ठरतं. पन्हाळ्याच्या वेढ्यातून महाराज निसटले त्या जुलै १६६० च्या रात्रीचं तर विशेष जपून लिहावं. शिवा काशीद आणि बाजीप्रभू यांचं बलिदान कथेच्या सोयीसाठी रद्द करण्याचा अधिकार आपल्याला नाही. ती रात्र दाखवायचीच असेल तर जशी घडली तशी दाखवा, पाहणाऱ्याचा जीव कासावीस होऊ द्या.

लहान फांद्या जास्त देतात. प्रभात फिल्म कंपनी १९२९ साली कोल्हापुरात सुरू झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला गेली. ती गेलीच नाही अशा कोल्हापुरात तुमच्या नायिकेचे आजोबा काय करत असते? पंचगंगेची राजाराम बंधाऱ्यावरची इशारा पातळी ३९ फूट, धोका पातळी ४३ फूट. एका वास्तवात पाणी ४२ वर थांबतं, दुसऱ्यात ४४ वर जातं. दोन फुटांत एका घरातली माळ्यावरची पेटी वाचते किंवा वाहून जाते. आणि पंचगंगा पाच नद्यांची, कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती आणि गुप्त सरस्वती. ती पाचवी नदी ज्या वास्तवात उघडी वाहते, ते प्रयाग चिखलीच्या संगमावर कसं दिसत असेल, हे मला स्वतःला कुणीतरी लिहिलेलं वाचायचं आहे.

सातवी पायरी: नोंदवही आणि माणसं

वेधशाळा खरी वाटते ती नोंदींमुळे. रकाने ठरवून घ्या: तिथी, पाण्याचा गारवा, पात्र बुडायला लागलेला वेळ, रोहिणीचे सूत, काय दिसलं आणि काय वाटलं. शेवटचे दोन रकाने कधीही एकत्र करू नका. नमुना असा:

मार्गशीर्ष वद्य चतुर्थी. पाणी फार गार. पात्र २७ मिनिटांनी बुडालं. रोहिणी दक्षिणेला २१ सूत. दिसलं: रंकाळ्याचा काठ, एक टांगा, स्टुडिओच्या फाटकावर रंगारी पाटी रंगवतो आहे, अक्षरं अर्धी झालेली. वाटलं: त्याने मागे वळून पाहिलं.

माणसं चारच ठेवा, फार तर पाच. गणित करणारी, पात्र सांभाळणारा, यंत्राची देखभाल करणारा, आणि जिच्यासाठी पाहायचं ती. बोली सांभाळून वापरा. रात्री विहिरीवर एवढंच संभाषण पुरतं:

"मामा, पात्र बुडालं का?"

"न्हाई अजून. पाणी लई गार हाय आज. बघून घे पोरी, वेळ हाय."

कोल्हापुरी बोलणाऱ्या मामांना विनोदासाठी उभं करू नका. वेधशाळेतलं सर्वांत अचूक काम त्यांच्याच हातात आहे.

आठवी पायरी: वर्ष आखा

प्रसंग कधी घडतो ते आकाशाकडून ठरवून घ्या. जून ते सप्टेंबर पाऊस, विहिरीवर झाकण, दुरुस्त्या आणि बंधाऱ्यावरच्या पातळीच्या नोंदी. नोव्हेंबरमध्ये पहिली खिडकी आणि त्याच सुमारास त्रिपुरी पौर्णिमा. डिसेंबर-जानेवारीत रोहिणी, लांब घटिका, मुख्य दर्शनं. फेब्रुवारीच्या सुरुवातीला परतीची खिडकी. मे महिन्यात सावली नाहीशी होते त्या दिवशी ओळंबा तपासायचा, कारण त्या मध्यान्हीला सूर्य थेट विहिरीच्या तळाला पोहोचतो आणि पट्टी वाकडी बसली असेल तर लगेच कळतं. हा मध्यान्ह घड्याळात बाराला नाही, साडेबाराच्या आसपास येतो हे विसरू नका.

पहिला खर्डा झाला की तो दोघांकडून वाचून घ्या. एक उद्यमनगरात काम करणारा आणि एक किरणोत्सवाला न चुकता जाणारा. ते जिथे अडतील तिथे खूण करा आणि आधी आकडे तपासा, मग वाक्यं. सुतांचं कोष्टक स्वतःजवळ ठेवा, कथेत छापू नका.